काळाचा तक्ता रद्द करू नका: आपल्या सामायिक जगाच्या संपादक मंडळाला खुले पत्र

प्रति,
संपादक मंडळ,
आणि या जगात लिहिणारे-वाचणारे सगळेजण,

सप्रेम नमस्कार.

मंडळाने गेल्या बैठकीत घेतलेला निर्णय लेखी स्वरूपात हाती आला. ‘काळाच्या दरांचा तक्ता यापुढे बंधनकारक राहणार नाही, कथेच्या गरजेप्रमाणे लेखकाने दर ठरवावा,’ असं त्यात म्हटलं आहे. कारण एका ओळीत दिलं आहे: वाचकाला गणित नको असतं, गोष्ट हवी असते. हा निर्णय मला मान्य नाही आणि मुकाट्याने सोसण्यासारखाही तो नाही. खासगीत बोलता आलं असतं. पण आपण सगळ्यांनी मिळून रचलेल्या या कल्पित जगात अनेकांनी आपल्या कथा गुंतवल्या आहेत आणि झळ त्या सगळ्यांनाच बसणार आहे, म्हणून हे उघडपणे लिहिते आहे.

नव्याने वाचणाऱ्यांसाठी थोडक्यात सांगते. आपल्या जगाचे तीन भाग आहेत. मैदानातला काळ हा मूळ काळ: चोवीस तासांचा दिवस, ३६५ दिवसांचं वर्ष. पठारावर काळ मैदानाच्या चौपट वेगाने धावतो. खोऱ्यात तो बारापट संथ चालतो. मैदानात एक वर्ष सरतं तेव्हा पठारावर चार वर्षं उलटलेली असतात आणि खोऱ्यात जेमतेम महिना झालेला असतो. म्हणजे खोऱ्यातल्या एका दिवसात पठारावर अठ्ठेचाळीस दिवस जातात. तक्ता म्हणतात तो एवढाच. तीन नावं, तीन आकडे.

त्याची नोंद मी ठेवते. कोणत्या कथेतलं कोण कधी खोऱ्यात उतरलं, किती राहिलं, वर आलं तेव्हा त्याचं वय काय आणि घरच्यांचं काय, हे सगळं माझ्या वहीत असतं. पण माझं दुखणं वहीपुरतं नाही. मीही इथे लिहिलं आहे. माझ्या कथेतली आई कामासाठी खोऱ्यात उतरते आणि तिची सहा वर्षांची मुलगी पठारावर आजीजवळ राहते. मुलगी रोज एक पत्र लिहिते. आईला मात्र रोज अठ्ठेचाळीस पत्रं मिळतात. सकाळच्या गठ्ठ्यात ‘मला ताप आलाय’ असं पत्र असतं. आई उत्तर लिहायला बसते, खोडते, पुन्हा लिहिते. तासाभराने निरोप्या येतो तेव्हा त्याच्या हातात पुढची दोन पत्रं असतात आणि ताप उतरलेला असतो. गठ्ठा वाचता वाचता मुलीचं अक्षर बदलत जातं. ‘तू कधी येशील’ हा प्रश्न आधी प्रत्येक पत्रात असतो, मग अधूनमधून, मग नसतोच. आई वर्षभराने परतते तेव्हा मुलगी चोपन्न वर्षांची झालेली असते. ही कथा अठ्ठेचाळीस या आकड्यावर उभी आहे. त्याजागी पाच घातला तर ती चारचौघांसारखी विरहकथा होते. पाचशे घातला तर पंधरवड्यात मुलीचं बालपणच संपून जातं, पत्रं वाचायची कोणी आणि कधी? तुमच्या निर्णयानंतर उद्या कोणीही याच खोऱ्यात, याच घाटाने, हव्या त्या आकड्याची कथा लिहू शकतो. तेव्हा माझ्या कथेतल्या आईने उगाच एवढं सोसलं, असं वाचकाला वाटलं तर त्याला मी काय सांगू?

आता तक्रारी एकेक करून मांडते.

पहिली. अलीकडे स्वीकारलेल्या दोन कथा शेजारी ठेवून वाचा. एकीत व्यापारी खोऱ्यात एक मुक्काम करून येतो आणि मैदानात बारा दिवस गेलेले असतात. हिशेब बरोबर आहे. दुसरीत तोच घाट, तसाच एक मुक्काम, आणि मैदानात दोनशे वर्षं गेलेली. दोन्ही लेखक गुणी आहेत, दोन्ही कथा सुटेपणी चांगल्या आहेत. पण एकाच जगात त्या एकमेकींना खोट्या पाडतात. त्याहून वाईट म्हणजे संकटाची धारच जाते. ‘तो वेळेत पोचेल का’ ही धाकधूक केव्हा असते? वेळ लेखकाच्याही हातात नसते तेव्हा. नायकाला उशीर होतोय असं दिसलं की दर बदलायचा, ही मुभा एकदा दिली की कुणाच्याच उशिराला अर्थ उरत नाही.

दुसरी तक्रार उन्हाची, आणि तिच्यावर मी जरा जास्त बोलणार आहे, कारण इथेच आपण सर्वांत जास्त हातचं घालवतो आहोत. तिन्ही भागांवर सूर्य एकच आहे. मग खोऱ्यातल्या माणसाच्या एका दिवसात तो बारा वेळा उगवला पाहिजे. तासभर उजेड, तासभर अंधार, पुन्हा उजेड. आकाशात सूर्य घड्याळाच्या मिनिटकाट्याच्या निम्म्या वेगाने सरकताना दिसला पाहिजे आणि झाडाची सावली अंगणात डोळ्यांदेखत फिरली पाहिजे. खोऱ्यातली माणसं एका झोपेत चार रात्री काढतील. मैदानातला चार महिन्यांचा पावसाळा त्यांच्याकडे दहा दिवसांत आटोपेल. मग तिथे शेती कशी होणार? एकशेवीस दिवसांत तयार होणाऱ्या पिकाला खोऱ्यात चार पावसाळे, चार हिवाळे आणि चार उन्हाळे झेलावे लागतील. म्हणजे खोरं कायम बाहेरच्या धान्यावर जगणार, आणि घाट अडवला की उपाशी मरणार. केवढं मोठं राजकारण आहे यात! पण आपल्याकडे खोऱ्यातला राजा ‘सकाळी’ उठतो, ‘दुपारी’ दरबार भरवतो आणि ‘संध्याकाळी’ गच्चीत बसून सूर्यास्त बघतो.

पठारावर याच्या उलट. तिथे माणसाच्या घड्याळाप्रमाणे अठ्ठेचाळीस तास दिवस आणि अठ्ठेचाळीस तास रात्र, आणि पावसाळा सोळा महिन्यांचा. आलेलं ऊन चौपट वेळात वाटलं गेल्यामुळे चतुर्थांश. मंगळावरसुद्धा पृथ्वीच्या सुमारे ४३ टक्के ऊन पोचतं. आपलं पठार त्याहून गार पडायला हवं. खोऱ्यात बारापट ऊन, म्हणजे बुधावर सरासरी जेवढं पडतं त्याच्या जवळजवळ दुप्पट. हे फक्त उन्हाच्या मोजणीने. प्रकाशाची लहरही काळाबरोबर आखडते असं धरलं, तर मैदानातला हिरवा उजेड खोऱ्यात पोचेपर्यंत डोळ्यांना न दिसणारा अतिनील होतो, आणि खोऱ्यातून निघालेला उजेड मैदानात उष्णतेच्या अदृश्य लहरी होऊन येतो. सीमेवर उभ्या असलेल्या सैनिकाला वरून आई हात हलवताना दिसते, असं एका कथेत आहे. दिसेल कशी? यावर एक नियम ठरवा, इतकंच माझं म्हणणं. सीमा उन्हाची धग अडवते आणि रंग जसेच्या तसे सोडते, असं ठरवलं तरी चालेल. सूर्य बारा वेळा उगवणं मात्र माझं ऐकाल तर सोडू नका.

तिसरी तक्रार सीमेची. आवाजाचं घ्या. खोऱ्यातल्या बाईचा स्वर सेकंदाला दोनशे कंपनांचा धरला तर मैदानात तो सतराच्या आसपास उतरतो, आणि माणसाच्या कानाला साधारण विसाच्या खालचं ऐकू येत नाही. तिची एका सेकंदाची हाक बारा सेकंद ताणली जाते. म्हणजे सीमेपलीकडे हाका मारून संवाद होत नाही, निरोप्याच लागतो. आणि त्या निरोप्याच्या शरीराचं काय? एक हात खोऱ्यात, छाती मैदानात, अशा अवस्थेत क्षणभर थांबला, तर मिनिटाला बहात्तर पडणारे हृदयाचे ठोके त्या हाताला त्याच्या मिनिटात आठशे चौसष्ट लागतात. म्हणून सीमा ही रेघ असू शकत नाही, मैलोन्‌मैल पसरलेला उतारच असला पाहिजे. सुरुवातीच्या लेखकांनी घाटवाट दोन दिवसांची ठेवली ती याच विचाराने. नव्या कथांत मात्र पात्रं उंबरठा ओलांडावा तशी ये-जा करतात. नदीबद्दल एकच ओळ: मैदानातून जेवढं पाणी खोऱ्यात उतरतं ते तिथल्या घड्याळाने बारापट जोराने येतं, तेव्हा पात्रही त्या मानाने रुंद-खोल हवं. आपल्या नकाशात ते ओढ्याएवढं आहे.

चौथी तक्रार पठारावरच्या माणसांची. ही मला सगळ्यांत जास्त लागते. खोऱ्यातला सरदार म्हणतो, ‘आठवड्यात किल्ला उभा राहिला पाहिजे.’ कारागीर पठारावर काम सुरू करतात आणि आठवड्यात किल्ला उभा राहतो. वाचकाला गंमत वाटते. पण पठारावर ते तीनशे छत्तीस दिवस आहेत. कोणाचा तरी जवळपास वर्षभराचा घाम सरदाराच्या एका आठवड्यात जिरला आणि मजुरी मोजली ती सरदाराच्या घड्याळाने, की कारागिराच्या? स्वीकारलेल्या एकाही कथेत हा प्रश्न विचारलेला नाही. सावकाराचं बघा. खोऱ्यातल्या माणसाने पठारावर सहा टक्के चक्रवाढीने पैसे ठेवले, तर त्याच्या एका वर्षात ते सोळापटीहून जास्त होतात. काही पिढ्यांत सगळं पठार खोऱ्याच्या ऋणात बुडेल. त्या पिढ्याही पठाराच्याच. खोऱ्यातला सावकार तोच असेल, केस पिकायच्या आधीचा. शिक्षा झालेल्या माणसाला कुठे डांबायचं, हाही न्यायाचा प्रश्न आहे. खोऱ्यातली एका वर्षाची कैद भोगून सुटलेल्या पठारी माणसाला ओळखणारं घरी क्वचितच कोणी उरलेलं असतं. दर लवचिक ठेवले की हे सगळे प्रश्न आपोआप पुसले जातात, कारण अन्याय नेमका किती झाला हे मोजताच येत नाही. तक्ता काढून टाकल्याने वाचकाची गणितातून सुटका होईल असं मंडळाला वाटतं. प्रत्यक्षात सुटका सरदाराची होते.

पाचवी भाषेची. पंधरा वर्षं खोऱ्यात काढून आलेल्या बाईला पठारावर सातशे वीस वर्षांनंतरची बोली ऐकू येणार. ज्ञानेश्वरी शके १२१२ मधली, म्हणजे इसवी सन १२९० ची. ती आज आपण अर्थ लावून, टीपा बघून वाचतो. तेवढंच अंतर त्या बाईच्या आणि तिच्या कितीतरी पिढ्यांनंतरच्या वंशजांच्या बोलण्यात पडायला हवं. आपल्याकडे ती येते आणि पहिल्याच वाक्यात सगळ्यांशी भांडायला लागते.

वाचकाला गणित नको असतं, हे मंडळाचं म्हणणं मी पुन्हा पुन्हा वाचलं. ज्या कथा ऐकत आपण वाढलो त्या तरी याची साक्ष देत नाहीत. रेवतीची पुराणकथा आठवा. राजा ककुद्मी मुलीसाठी वर विचारायला ब्रह्मदेवाकडे जातो. तिथे गाणं चाललेलं असतं म्हणून थांबतो. गाणं संपल्यावर कळतं की पृथ्वीवर सत्तावीस चतुर्युगं उलटली आणि मनात धरलेल्या वरांचे वंशजही उरले नाहीत. आता आकडे बघा. एक चतुर्युग ४३,२०,००० वर्षांचं, तेव्हा सत्तावीस म्हणजे ११,६६,४०,००० वर्षं. ब्रह्मदेवाचा एक दिवस हजार चतुर्युगांचा, ४३२ कोटी वर्षांचा. तो दिवस बारा तासांचा धरला, तर राजा थांबला तो वेळ साडेएकोणीस मिनिटांच्या आत येतो. पुरती एक घटकाही, म्हणजे चोवीस मिनिटंही, नाही. एक गाणं ऐकायला लागावा तेवढाच वेळ! कथा सांगणाऱ्याने हा हिशेब मांडला होता की परंपरेत तो आपसूक जुळत गेला, मला ठाऊक नाही, पण तो जुळतो, आणि म्हणूनच राजाच्या पायाखालची जमीन सरकते ती आपल्याही सरकते. कथा तिथेच थांबत नाही. मधल्या काळात माणसं खुजी झालेली असतात, म्हणून रेवती बलरामापेक्षा फारच उंच ठरते आणि तो नांगराने तिची उंची कमी करतो. काळाच्या फरकाचा परिणाम शरीरावर दाखवायला त्या कथाकाराला कोणी सांगितलं नव्हतं. देवांचा एक दिवस म्हणजे माणसांचं एक वर्ष, हा दरही असाच पक्का. कुठल्या कथेत देवाला घाई आहे म्हणून तो बदलत नाही.

आणि आपल्या खऱ्या जगातही काळ सगळीकडे एका दराने वाहत नाही. १९७१ मध्ये हाफेले आणि कीटिंग या शास्त्रज्ञांनी अणुघड्याळं प्रवासी विमानांतून पृथ्वीभोवती फिरवली. पूर्वेकडे गेलेली सुमारे ५९ नॅनोसेकंद मागे पडली, पश्चिमेकडे गेलेली सुमारे २७३ नॅनोसेकंद पुढे गेली. २०१० मध्ये एक घड्याळ दुसऱ्यापेक्षा सुमारे ३३ सेंटीमीटर उंच ठेवूनही फरक मोजता आला. उंचावरचं घड्याळ पुढे जातं. आपलं पठार वेगवान आणि खोरं संथ ठेवलं ते याच दिशेला धरून. जीपीएस उपग्रहांमधली घड्याळं जमिनीवरच्यांपेक्षा रोज सुमारे ३८ मायक्रोसेकंद पुढे धावतात. ती दुरुस्ती केली नाही, तर ठिकाण दाखवण्यातली चूक दिवसाला दहा किलोमीटरच्या आसपास वाढत जाईल. मायक्रोसेकंदांचा फरक लोक एवढ्या काळजीने सांभाळतात आणि आपण अठ्ठेचाळीसपटीचा फरक ‘गरजेप्रमाणे’ म्हणून सोडून देतो आहोत.

माझ्यावर एक आक्षेप येईल, तो आधीच घेते. मी सापेक्षतावादाची परीक्षा घ्यायला बसलेली नाही. खरी गणितं लावली तर आपलं जग उभंच राहणार नाही. काळ जिकडे संथ तिकडे वस्तू ओढल्या जातात. पडणं म्हणतात ते हेच. पृथ्वीवर जाणवते तेवढीच ओढ ठेवून बारापट फरक पाडायचा, तर दोन प्रकाशवर्षांहून लांब उतार लागेल, आणि आपला घाट दोन दिवसांचा आहे. तिथे आपण जादू मान्य केली आहे आणि माझी त्याला काडीचीही हरकत नाही. जादू हवी तेवढी असू द्या. ती सगळ्यांना सारखी लागू असावी, काल होती तशीच आज असावी, हा माझा आग्रह आहे.

माझ्या मागण्या अशा:

१. तक्ता बंधनकारक ठेवणारा जुना नियम परत लागू करावा. पठार, मैदान, खोरं यांचे दर कोणत्याही एका कथेसाठी बदलू नयेत.

२. ज्याला वेगळा दर हवा असेल त्याने नवा प्रदेश मागावा. त्याची जागा, सीमा आणि दर नकाशावर नोंदवूनच कथा स्वीकारावी. आपल्या नकाशात मोकळी जागा भरपूर आहे.

३. ऊन, आवाज, पाणी आणि सीमा ओलांडणारं शरीर या चार बाबतींत एकेक साधा नियम मंडळाने लेखी ठरवावा. तो विज्ञानाला धरून नसला तरी चालेल, पण तो एकच असावा.

४. मजुरी, व्याज, कैद आणि करार कोणत्या भागाच्या घड्याळाने मोजले जातात, हे प्रत्येक कथेत स्पष्ट असावं. पात्रांनी त्यावरून भांडावं, फसवावं, बंड करावं. लेखकाने मात्र ते गुलदस्त्यात ठेवू नये.

५. ज्या कथा आधीच्या तक्त्यावर लिहिल्या गेल्या त्यांच्या लेखकांना विचारल्याशिवाय असा निर्णय पुन्हा घेऊ नये.

६. तक्त्याबाहेर गेलेल्या ज्या कथा स्वीकारल्या गेल्या आहेत त्या काढून टाकाव्यात असं मी म्हणत नाही. त्यांच्या लेखकांसोबत बसून हिशेब जुळवून द्यायला मी तयार आहे. दोनशे वर्षांच्या त्या कथेला तर नव्या प्रदेशात हलवलं की पुरे, एक शब्दही बदलावा लागणार नाही.

हा विषय पुढच्या बैठकीत सगळ्या लेखकांसमोर घ्यावा आणि तोवर तक्ता मोडणारी नवी कथा स्वीकारू नये, अशी विनंती. मंडळाचं उत्तर लेखी आणि सर्वांना वाचता येईल असं द्यावं. बैठकीला मी नोंदवही घेऊन येईन; ज्याला आपल्या पात्राचं वय तपासायचं असेल त्याने त्याच दिवशी तपासून घ्यावं.

आपली,
तक्त्याची नोंद ठेवणारी एक सहलेखिका